न राखलेला गडी

टूसॉन, अ‍ॅरिझोना
६ फेब्रुवारी १९८४

प्रिय हॉबी,

पोचलो एकदाचा. घरात अजून फोन नाही, आणि असता तरी तू फोनवर नुसता 'हं, हं' करतोस, म्हणून लिहायला बसलोय.

अ‍ॅक्रन सोडलं तेव्हा स्टेडियमच्या मागच्या फाटकाशी इतका बर्फ साचला होता की ट्रकच्या चाकांखाली राख टाकावी लागली. हेल्मेटं, खांद्यांची पॅडं, व्यायामाची वजनं, मालिशची टेबलं, फुटबॉल संघाचं सगळं सामान भरलं. बरीच माणसं बघायला उभी होती. कुणी शिवी दिली नाही, कुणी काही फेकलं नाही. शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. बाबाही होते, कारखान्याची जुनी टोपी घालून. मी जवळ गेलो तर म्हणाले, "तुझं काम कर, ट्रक खोळंबलाय." बास, एवढंच. ज्या संघासाठी त्यांनी इतके रविवार थंडीत काढले, त्याचं सामान त्यांचा थोरला पोरगा ट्रकात चढवत होता. मी पुढचं खोकं उचललं.

मालकानं संघ इथं हलवला, आणि आता आमचं नाव टूसॉन स्कॉर्पियन्स. हेल्मेटांवर निळ्याच्या वर नारिंगी रंग मारलाय. ओरखडा पडला की खालून अ‍ॅक्रनचा निळा दिसतो.

रंगाचं सोड. अडचण गड्यांची आहे. निम्मे आलेच नाहीत. करारात होतं की संघ गाव सोडून गेला तर खेळाडू मोकळा, आणि ते झाले मोकळे. ज्याची टायरच्या कारखान्यात नाहीतर सासऱ्याच्या दुकानात सोय आहे, तो आपल्या लीगच्या तुटपुंज्या पगारावर वाळवंटात कशाला येईल? मी फळीचा प्रशिक्षक, आणि समोरच्यांना अडवायला पुढच्या फळीत उभं करायला माझ्याकडं दोन माणसं उरलीत. त्यातल्या एकाला वाकून बुटाची नाडी बांधता येत नाही.

म्हणून लीगनं आमच्यासाठी पुरवणी निवड ठरवली आहे, मार्चमध्ये, कॅन्सस सिटीच्या एका हॉटेलात. बाकीच्या प्रत्येक संघानं आपले तीस गडी राखून ठेवायचे. उरलेले उघडे. त्या उघड्यांतून आम्ही प्रत्येक संघाचे दोघे उचलायचे. ज्याला उचललं त्यानं इथं यायचं. मुख्य प्रशिक्षक ब्रुबेकर म्हणतो, "तू पारख, मी शिक्कामोर्तब करतो." म्हणजे चुकलं तर माझं, जमलं तर त्याचं.

आता मुद्द्याचं. पोर्टलंड तुला राखणार नाही अशी कुजबुज माझ्या कानावर आली आहे. आधी पटलं नाही. मग वाटलं, न राखोत. एकोणतिशीचा, अंगात अजून चार-पाच वर्षं असलेला गार्ड, आणि माझा भाऊ. लहानपणी तुला अंगणात फळीत उभं राहायला मीच शिकवलं. एका संघात आपण कधी नव्हतो.

ब्रुबेकरला अजून काही बोललो नाही. तू काय ते कळव. आणि लोरेटाला विचारून कळव, नुसतं आपल्या मनानं नको.

तुझा,
व्हर्लिन


पोर्टलंड, ओरेगन
१५ फेब्रुवारी १९८४

दादा,

नारिंगी? लोक तुम्हाला संत्र्यांची वखार समजतील.

कुजबुजीचं म्हणशील तर इथं रोज नवी असते. परवा प्रशिक्षकानं माझ्या पाठीवर थाप मारली. थाप मारून माणूस काढतात का? काढतातही म्हणा. पण मला वाटतं ते मला राखतील. न राखलं तर तुझ्याकडं येईन, त्यात विचारायचं काय? एकच सांगतो. धाकटा भाऊ म्हणून, दया म्हणून उचलू नकोस. गार्ड म्हणून उचल.

खरी बातमी आता सांगतो. लोरेटाला दिवस गेलेत. सप्टेंबरात बाळ. तिच्या वर्गातल्या पोरांना अजून सांगितलेलं नाही, पण तिसरीतली पोरं, ती हसली तरी ओळखतात. बाबांना फोन केला. आधी लोरेटाची तब्येत विचारली. मग म्हणाले, "मुलगा झाला तर पियानो शिकवा."

लोरेटाला विचारलं. म्हणाली, टूसॉनला शाळा असतील तर टूसॉन चालेल. पुढं म्हणाली, "पण आधी तू बरा आहेस का ते सांग." बायकांचं असंच असतं. मी ठणठणीत आहे.

लाकडाच्या वखारीतलं हिवाळ्याचं काम सोडलं. कंटाळा आला. तेच तेच ओंडके.

तुझा,
हॉबी


टूसॉन
२१ फेब्रुवारी १९८४

प्रिय हॉबी,

बाळाचं वाचून मी स्वयंपाकघरात उभ्या उभ्या हसलो. काका होण्याइतकं वय दिसतं आता माझं. लोरेटाला म्हणावं, इथं शाळा ढीगभर आहेत, आणि प्रत्येक शाळेत गारव्याची यंत्रं.

दिवसभर फिल्मा बघत असतो. ऑफिस म्हणजे जुनं गाद्यांचं दुकान आहे. भर दुपारी खिडक्यांना घोंगड्या अडकवून अंधार करायचा आणि प्रोजेक्टर लावायचा. आत भट्टी होते. ब्रुबेकर बनियनवर बसतो. या आठवड्यात पोर्टलंडची रिळं लावली.

तू छान खेळलायस. गार्डचं काम असं की ते नीट झालं तर कुणाला दिसत नाही. पाठीमागचा गडी चेंडू घेऊन सुटतो, लोक त्याच्या नावानं ओरडतात, आणि त्याला वाट करून देणारा खाली मातीत पडलेला असतो. मला तो खाली पडलेला दिसतो. तुझे पाय अजूनही सगळ्या लीगमध्ये चांगले आहेत. समोरचा माणूस हलायच्या आधी तू हललेला असतोस.

पण एक विचारतो. ऑक्टोबरनंतरच्या रिळांत, जोराची धडक झाली की तू उठतोस आणि डावा हात पट्ट्यात खोचतोस. बोटं पट्ट्यात अडकवून ठेवतोस, जणू तो हात कुणी दुसऱ्यानं सांभाळायला दिलाय. आणि त्यानंतरचा डाव, ते पाच-सात सेकंद, तू फक्त उजव्या खांद्यानं खेळतोस. आधी वाटलं सवय असेल. मग मी मागच्या वर्षीचं रीळ लावलं. मागच्या वर्षी ही सवय नव्हती.

ब्रुबेकर शेजारीच होता. त्याला दिसलं नाही, कारण तो चेंडूकडं बघत होता. मी रीळ मागं घेतलं तेव्हा म्हणाला, "भावाला किती वेळा बघशील?"

हाताला काय झालंय? आणि वखारीतलं काम खरंच कंटाळा आला म्हणून सोडलंस?

व्हर्लिन


पोर्टलंड
२७ फेब्रुवारी १९८४

दादा,

घोंगड्या लावून फिल्मा बघून बघून तुझे डोळे जाणार आहेत. ऑक्टोबरात इथं पाऊस असतो, बोटं गारठतात, मी ती पट्ट्यात घालतो. उजवा हात का नाही, असं विचारशील. उजव्यानं नाक पुसतो. झालं समाधान?

आता ऐक. तुझी कुजबुज खरी निघाली. प्रशिक्षकानं मंगळवारी बोलावलं. या वेळी थाप नाही, खुर्ची दिली. खुर्ची दिली तेव्हाच कळलं. तीस नावं त्यांनी राखली आणि मी त्यात नाही. शेवटच्या जागेसाठी म्हणे माझं नाव होतं, पण तिथं त्यांनी किकरला राखलं. किकर, दादा. ज्याच्या पँटला कधी माती लागत नाही. सामन्यात चार वेळा येतो, लाथ मारतो, जाऊन अंगावर कोट घेऊन बसतो. त्याला राखलं.

म्हणाला, टूसॉननं घेतलं नाही तर पोर्टलंड मला मोकळा करणार.

तर आता तूच. मी मागच्या वेळी आढेवेढे घेतले, ते विसर. मला यायचंय. मला तुझ्या फळीत उभं राहायचंय. लोरेटानं नकाशा काढून भिंतीला लावलाय. आणि बाबांना मी फोनवर सांगून टाकलं की आपण दोघं एका संघात येतोय. बोलायला नको होतं, अजून ठरायचंय, पण राहवलं नाही. तुला माहीत आहे ते काय म्हणाले? ट्रक गेल्यापासून या संघाचं नाव त्यांनी तोंडातून काढलं नव्हतं. म्हणाले, "टूसॉनच्या स्टेडियमात सावलीची बाजू कुठली?"

मी म्हटलं, कशाला? म्हणाले, "खुर्ची घ्यायची तर सावलीतली घ्यावी."

एवढंच. आता तू उचल मला.

हॉबी


कॅन्सस सिटी
१२ मार्च १९८४

प्रिय हॉबी,

हे पत्र पोचायच्या आधी तुला कळलेलं असेल. पोर्टलंडकडून आम्ही दोघे घेतले, एक चेंडू घेऊन पळणारा आणि एक फळीतला, लेनर्ड पुलेटासी. तुझ्याच संघातला तो सामोअन पोरगा, तुला माहीत आहे. बावीस वर्षांचा आहे. पुढच्या पाच-सहा वर्षांचा विचार करावा लागतो. संघ उभा करायचा तर वय बघावं लागतं, हे तुला मी सांगायला नको.

तुझ्यात काही कमी होतं असं नाही. फक्त हिशेब तसा बसला.

मला वाटतं तू आता घाई करू नकोस. बाळ येणार आहे. पोर्टलंडच्या शाळांत प्रशिक्षक लागतात, तुझ्यासारख्याला हसत घेतील. एखादं वर्ष घरी राहून बघ.

इथं पाऊस पडतोय. उद्या टूसॉनला परत जातोय. फोन आता लागलाय, नंबर खाली लिहितो. कर.

व्हर्लिन


पोर्टलंड
२० मार्च १९८४

श्री. व्हर्लिन स्टॉलनेकर यांस,

फोन करणार नाही. आवाज ऐकला तर मी बोलायचं ते बोलणार नाही.

वय. हिशेब. मला हे पटलंही असतं. पण इथल्या प्रशिक्षकाला ब्रुबेकरनं फोनवर सांगितलं, आणि त्यानं सगळ्या खोलीदेखत मला सांगितलं. "तुमचा स्टॉलनेकर आम्ही घेणारच होतो. पण त्याच्या सख्ख्या भावानं सांगितलं की तो मंद झालाय, पाय उचलत नाहीत." सगळे हसले. पुलेटासी तेवढा हसला नाही, तो बुटांकडं बघत होता.

मला कळतं की तुला माझा हात दिसला. तू त्यासाठी मला घेतलं नाहीस. मग हात म्हणायचं होतंस. माझ्याशी तरी म्हणायचं होतंस. वय म्हणालास. आणि त्यांना पाय म्हणालास. माझे पाय, दादा. तूच लिहिलं होतंस, सगळ्या लीगमध्ये चांगले. माझ्याकडं धड उरलेली तेवढी एकच गोष्ट होती, आणि नेमकं तिच्याबद्दल तू खोटं बोललास.

बाबांना सावलीची बाजू कुठली ते तूच कळव.

हॉबर्ट


टूसॉन
२९ मार्च १९८४

हॉबी,

जे झालं ते सांगतो.

हॉटेलच्या त्या खोलीत एक लांब टेबल होतं. सगळ्या संघांची माणसं, आणि त्यांच्यात कुणी कुणाचा मेहुणा, कुणी कुणाचा जुना साथीदार. पोर्टलंडची पाळी आली. ब्रुबेकर म्हणाला, "तुझा भाऊ उघडा आहे. लिहू?"

मी म्हटलं, "नको."

"भांडलात काय?"

"नाही."

"मग दुखावलाय का?"

 पाच-सहा माना आमच्याकडं वळल्या. त्या क्षणी मी हो म्हटलं असतं तर संध्याकाळपर्यंत सगळ्या लीगला कळलं असतं की स्टॉलनेकरचा हात गेलाय, आणि तेही त्याच्या भावाच्या तोंडून. मग तुला कुणी दारातही उभं केलं नसतं. काहीच बोललो नाही, तर तो तुझं नाव लिहितो, आणि तू माझ्या डोळ्यांदेखत, माझ्या फळीत, तो हात पट्ट्यात खोचून उभा राहतोस. म्हणून म्हणालो, "मंद झालाय."

मंद हे एका माणसाचं मत असतं. दुसऱ्याला पटलं नाही तर तो तुला बोलावून पळवून बघेल. हात ही डॉक्टरची गोष्ट, ती परत घेता येत नाही. मी तुझ्यासाठी एक दार उघडं ठेवलं, आणि तू त्यातून जाऊ नयेस म्हणून मनातल्या मनात प्रार्थना करत बसलो. यात शहाणपणा नाही हे मला दिसतं. पण त्या खोलीत एवढंच सुचलं.

तुला पत्रात वय म्हणालो ते मात्र भित्रेपणानं.

बाबांना फोन केला. सगळं ऐकून घेतलं त्यांनी. मग विचारलं, "तुम्हा दोघांत खरं कोण बोलतंय?" मी म्हटलं, कुणीच नाही. त्यांनी फोन ठेवला.

डॉक्टरकडं जा. संघाच्या नको, बाहेरच्या. एवढं कर.

व्हर्लिन


पोर्टलंड
१८ मे १९८४

भाऊजी,

हॉबर्टला माहीत नाही मी लिहितेय ते. तुमची एप्रिलची दोन्ही पत्रं त्यानं न फोडता कपाटावर ठेवली आहेत. मार्चअखेरचं वाचलं होतं. वाचून तो बाहेर जाऊन गाडी धूत बसला. पाऊस पडत होता.

त्यानं सॅन अँटोनियोशी करार केलाय. जूनपासून सराव. त्यांच्या माणसानं येऊन त्याला मैदानावर पळवलं, आणि म्हणाला, "हा मंद? याच्या भावाला चष्मा लागलाय." हे सांगताना हॉबर्ट खूप दिवसांनी हसला. त्यांच्या डॉक्टरनं गुडघे बघितले, छाती बघितली. हाताचं कुणी विचारलं नाही, यानं सांगितलं नाही.

कधी कधी सकाळी त्याच्या शर्टाची बटणं मी लावते. आम्ही त्याबद्दल बोलत नाही. तो छताकडं बघतो, मी बटणांकडं. वखारीतलं काम त्यानं सोडलं नाही, त्याच्या हातून ओंडका निसटून दुसऱ्याच्या पायावर पडता पडता राहिला म्हणून मुकादमानं घरी पाठवलं.

तुम्ही त्याला घेतलं नाहीत म्हणून मी तुमच्यावर चिडलेली नाही. तुम्ही ते दार उघडं ठेवलंत म्हणून चिडले आहे. हात म्हणाला असतात तर तो तुमच्यावर जन्मभर रागावला असता, पण घरी असता. तुम्हाला त्याच्या नजरेत थोडं तरी चांगलं राहायचं होतं.

तुम्ही काही करावं म्हणून लिहीत नाही. हे माहीत असलेली मी एकटीच असू नये, म्हणून लिहिलं.

लोरेटा


टूसॉन
२० ऑगस्ट १९८४

हॉबी,

हेही पत्र कपाटावर जाईल कदाचित. तरी लिहितो.

शनिवारी तुला बघितलं. तुमची बस आली तेव्हा मी फाटकाशी होतो. तू माझ्या अंगावरून गेलास, हातभर अंतरावरून. उन्हानं डोळे बारीक केले होतेस, त्यामुळं बघितलंस की नाही ते मला कळलं नाही. बघितलं नाहीस असं धरून चाललोय.

तू आमची दाणादाण उडवलीस. पहिल्या पाळीपासून आमचा मोठा गडी तुझ्यासमोर उभा राहायचा आणि पुढच्या क्षणी बसलेला असायचा. ब्रुबेकर दर वेळी वळून माझ्याकडं बघायचा. मध्यंतरात म्हणाला, "मंद, नाही का?"  मी चेंडूकडं बघतच नव्हतो. मी पूर्ण वेळ तुझ्या डाव्या हाताकडं बघत होतो. तो एकदाही पट्ट्यात गेला नाही. मग मला वाटू लागलं की मी फिल्ममध्ये भलतंच काही बघितलं. थंडीनं गारठलेली बोटं बघितली आणि त्यावरून भावाला घालवला. सामना हरताना मला बरं वाटत होतं, हे ब्रुबेकरला कळलं तर तो मला हाकलून देईल.

सामना संपल्यावर सगळे हात मिळवत होते तेव्हा तू पुलेटासीला धरलंस. बराच वेळ त्याच्याशी डोक्याला डोकं लावून उभा होतास, आमच्या बाकांच्या मागं. मी नंतर त्याला विचारलं, "काय म्हणाला हॉबी?" म्हणाला, "डावा पाय मागं कसा ठेवायचा ते दाखवलं." पोरगा चांगला आहे. एकटाच राहतो, आईला रोज फोन करतो, घरचा कॅलिफोर्नियाचा समुद्र सोडून इथं वाळूत आलाय म्हणून झुरतो. तू त्याला शिकवलंस याचं मला बरं वाटलं. माझ्याशी बोलला नाहीस, पण माझ्या माणसाशी बोललास.

इथं पुन्हा चुळबुळ सुरू झाली आहे. एवढ्या उन्हात माणसं येत नाहीत, बाकडी रिकामी. मालक सॅक्रामेंटोचं नाव घेतो. म्हणजे पुन्हा ट्रक. मी या वेळी जाणार नाही असं रोज सकाळी ठरवतो, आणि रोज दुपारी पुढच्या वर्षासाठी फिल्मा मागवतो. घरातली अर्धी खोकी मी अजून उघडलेली नाहीत.

लोरेटाचे दिवस भरत आले असतील. तिला सांग, मी विचारलं म्हणून.

व्हर्लिन


पोर्टलंड
४ ऑक्टोबर १९८४

दादा,

मुलगी झाली. एकवीस सप्टेंबरला. नाव आईचं ठेवलंय, आयरिस. बाबा म्हणाले, पियानो राहू दे, हिला गार्ड करा.

तुझी सगळी पत्रं काल बसून फोडली. कपाट हलवायचं होतं, पाळण्याला जागा करायला. ऑगस्टचं वाचलं आणि लक्षात आलं की तुला अजून काहीच माहीत नाही. ते पोरगं, पुलेटासी, खरंच बोललं नाही म्हणजे.

मी त्याला पाय मागं ठेवायला शिकवलं नाही. त्याचे पाय बरोबरच आहेत. शेवटच्या डावाच्या आधीचा डाव आठव. तुमचा तो मोठा गडी माझ्या मानेवर आडवा पडला. उठलो तेव्हा डावा हात नव्हताच. म्हणजे होता, लटकत होता. पट्ट्यात खोचायलाही वळेना. शेवटचा डाव तसाच उभा राहिलो, देवाच्या दयेनं घड्याळ संपलं. मग माझ्या लक्षात आलं की हेल्मेट काढता येत नाही. हनुवटीचा पट्टा एका हातानं सुटतो. हेल्मेट एका हातानं निघत नाही, दोन्हीकडून ताणावं लागतं. सगळे डोकी उघडी करून हात मिळवतायत, आणि मी एकटा हेल्मेट घालून उभा. आमच्या माणसांकडं गेलो असतो तर डॉक्टर आला असता. समोर तू होतास, फाटकाजवळ. तुझ्याकडं यावं असं एकदा वाटलं. खरंच वाटलं. पण नाही आलो.

पुलेटासीला पकडलं. म्हटलं, "हे काढ, आणि हसतोयस असं दाखव." त्यानं काढलं. हसला. माझ्या हाताकडं बघितलं, आणि तो हात उचलून माझ्या कमरेच्या पट्ट्यात नीट खोचून दिला, जसं काही त्याला आधीपासून माहीत होतं. पोर्टलंडला तो माझ्या शेजारी कपडे बदलायचा. माहीत असणारच. मी विचारलं, "कुणाला सांगशील का?" म्हणाला, "हात तुमचा आहे."

त्या वाक्यानं मला झोप लागू दिली नाही. विमानात, घरी, कुठंच.

पुढच्या आठवड्यात मी सॅन अँटोनियोतल्या एका डॉक्टरकडं गेलो. संघाच्या नाही, बाहेरच्या. तू लिहिलं होतंस म्हणून नाही, तेव्हा ते आठवलंही नव्हतं. त्यानं फोटो काढले. मानेच्या मणक्यांतली मज्जारज्जूची नळी जन्मापासून अरुंद आहे, हात त्यामुळं जातो म्हणाला. आणखी एखादी तशी धडक बसली असती तर नुसता हात गेला नसता. मी विचारलं, किती वेळा चालून गेलं असतं? तो म्हणाला, "मला काय विचारता, तुम्हीच मोजत होता." मग मी प्रशिक्षकाच्या खोलीत गेलो, बसलो, आणि मान म्हणालो. माझ्या तोंडानं. त्यानं खुर्ची ओढून माझ्याजवळ आणली. त्याला मी आवडत होतो.

तर संपलं. इथल्या एका शाळेत पोरांची फळी उभी करायचं काम मिळालंय, जानेवारीपासून.

आता तुझं. हात थोडा सुधारलाय, राग फारसा नाही. तू दार दार म्हणतोस. दार तुझं नव्हतं, दादा. उघडं ठेवायलाही नाही आणि लावायलाही नाही. तू ते मला दाखवायचं होतंस. लोरेटा म्हणते तू ते लावायला हवं होतंस. यावरून आमचं भांडण होतं, आणि भांडता भांडता आम्ही दोघं तुलाच शिव्या देतो, म्हणजे एकीकडं एकमत आहे.

पण त्या खोलीत तुझ्याकडं माना वळल्या होत्या आणि तू काहीतरी बोललास, हे मी आता वेगळं वाचतो. तुझ्या जागी मी असतो तर काय बोललो असतो ते मला अजून सुचलेलं नाही. सुचलं की लिहीन.

नोव्हेंबरात थँक्सगिव्हिंगच्या जेवणाला आम्ही अ‍ॅक्रनला बाबांकडं जातोय, आयरिसला घेऊन. बाबांनी सांगितलंय, "त्यालाही बोलाव. आणि तो नाही म्हणाला तर सांग, मी सांगितलंय." सॅक्रामेंटोच्या फिल्मा मागवायच्या आधी ये. टर्की मी कापणार नाही, ती तू काप. आणि टेबलावर माझ्या उजवीकडं बस. डावीकडच्याला मला काही वाढता येत नाही.

हॉबी